कात्रणं जोडून पुस्तक होत नाही: तंत्रज्ञान, धंदा आणि उद्याबद्दल लिहिणाऱ्या वार्ताहरासाठी

प्रश्न थोडक्यात असा. जळगावच्या एका वार्ताहराने दहा-बारा वर्षं एमआयडीसी, ठिबक, केळीची निर्यात, सौरऊर्जा, मोबाइलवरचे व्यवहार अशा विषयांवर सातत्याने लिहिलं आहे. साडेतीनशेच्या आसपास कात्रणं जमली आहेत. त्यातून खानदेशातलं तंत्रज्ञान, इथला धंदा आणि पुढचा काळ यावर पुस्तक करायचं आहे. कात्रणं तशीच घ्यावीत का, आकडे कसे तपासावेत, भविष्याबद्दलचं लिखाण दोन वर्षांत शिळं होऊ नये म्हणून काय करावं आणि लेखांवर हक्क कोणाचा, हे त्यांनी विचारलं आहे.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर: तशीच घेऊ नका. बातमी ही घोषणेच्या दिवशी लिहिलेली असते. त्या दिवशी प्रकल्पाची क्षमता कळते, गुंतवणुकीचा आकडा कळतो, किती जणांना रोजगार मिळणार ते कळतं आणि फीत कोणी कापली ते कळतं. यंत्र चाललं का, कोणी चालवलं, बिघडल्यावर सुटा भाग कुठून आला आणि पैसा शेवटी कोणाच्या खिशातून गेला, हे त्या दिवशी कोणालाच माहीत नसतं. वाचकाला दहा वर्षांनी हवं असतं ते नेमकं हेच. म्हणून अशा पुस्तकाचं खरं काम परत जाण्यात आहे: जिथून बातमी केली तिथेच, पाच-सात वर्षांनी, त्याच माणसांकडे.

सुरुवात एका साध्या तक्त्याने करा. प्रत्येक कात्रणासाठी एक ओळ आणि सहा रकाने: तारीख, ठिकाण, त्यातला मुख्य दावा, दावा कोणी केला, तो घडून गेला होता की घडणार होता, आणि आज त्याची स्थिती काय. साडेतीनशे कात्रणांना रोज दोन तास दिले तर तीन आठवडे लागतात. हा तक्ता टाळून थेट लिहायला बसलेली पुस्तकं मध्येच अडकतात, कारण सहाव्या प्रकरणात लेखकाच्या लक्षात येतं की आपल्याकडे घोषणाच जास्त आहेत. तक्ता भरला की ‘घडणार होता’च्या रकान्यातल्या पंचवीस-तीस ओळी निवडा. पुस्तकाची प्रकरणं त्यातून निघतील, उरलेली कात्रणं पुराव्याला आणि पार्श्वभूमीला कामी येतील.

परत जाण्यासारखं ठिकाण म्हणजे काय, याला खानदेशात टेंभलीइतकं चांगलं उदाहरण नाही. शहादा तालुक्यातल्या या गावात २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातली पहिली आधार कार्डं दिली गेली. पंतप्रधान मनमोहन सिंग आणि सोनिया गांधी तिथे होते. त्या दिवसाची बातमी सगळ्यांकडे आहे. ‘बघा, पहिलं आधार मिळालेल्या गावाची अजून हीच अवस्था’ ही दहा वर्षांनंतरची बातमीही अनेकांनी केली, पण ती पहिल्या बातमीची उलटी बाजू, त्याहून जास्त काही नाही. पुस्तकातलं प्रकरण यापुढे जातं. रेशन दुकानातल्या ई-पॉस यंत्रावर अंगठा उमटला नाही तर दुकानदार काय करतो? ऊसतोडीला सहा महिने बाहेर जाणाऱ्या कुटुंबाचं धान्य कोण उचलतं? मजुरीने बोटांच्या रेषा झिजलेल्या म्हाताऱ्याला पर्याय कोणता दिला जातो, आणि तो पर्याय दुकानदाराला ठाऊक आहे का? रेंज नसेल तेव्हा यंत्र घेऊन टेकडीवर जावं लागतं का? बँकेचा माणूस पाड्यावर येतो तेव्हा तो व्यवहारामागे काही कापून घेतो का? हे प्रश्न घेऊन महिन्याच्या धान्यवाटपाच्या दिवशी दुकानाच्या ओट्यावर सकाळपासून संध्याकाळपर्यंत बसा आणि मोजा: किती माणसं आली, किती जणांचा अंगठा पहिल्या खेपेला लागला, किती परत गेली. असे तीन महिने मोजलेत तर तुमच्याजवळ दुसऱ्या कोणाकडे नसलेली माहिती असेल. आणि कृपा करून गावकऱ्यांची नावं त्यांना विचारल्याशिवाय छापू नका. एकदा प्रसिद्धीत आलेल्या माणसाच्या दारात कॅमेरे वर्षानुवर्षं येत राहतात आणि त्यातून त्याला काहीच मिळत नाही.

धंद्याच्या बाजूने अमळनेर घ्या, विप्रो जिथून सुरू झाली ते गाव. २९ डिसेंबर १९४५ रोजी वेस्टर्न इंडिया व्हेजिटेबल प्रॉडक्ट्स या नावाने कंपनी नोंदली गेली, कारखाना अमळनेरला. वनस्पती तूप, तेल आणि कपड्यांचा साबण हा तिचा माल. १९६६ साली संस्थापक मोहम्मद हाशम प्रेमजी वारले आणि स्टॅनफर्डला शिकणारे त्यांचे २१ वर्षांचे चिरंजीव अझीम प्रेमजी परतले. पुढे नाव आखडून विप्रो झालं, १९७७-७८ मध्ये आयबीएमने भारत सोडला, ती पोकळी हेरून कंपनी संगणकात शिरली. एवढं सगळ्यांना माहीत आहे. खानदेशातल्या लेखकाने जे लिहायला हवं ते यापलीकडे आहे: तेलबियांच्या बाजारपेठेत, रेल्वेलाइनीवरच्या गावात हा कारखाना का आला, कच्चा माल कुठून यायचा, आणि शेअर गावातल्या घराघरांत कसे पोहोचले.

‘अमळनेरमध्ये अमुक रुपये लावले होते, आज त्याचे इतके कोटी झाले’ हे वाक्य मात्र हातात येईल तसं छापू नका. त्याच्या डझनभर आवृत्त्या फिरतात आणि बहुतेकांत सुरुवातीचं वर्ष वेगळं असतं. हिशेब स्वतः करा, अवघड नाही. विप्रोचे अलीकडचे बोनस असे: २००४ मध्ये एकास दोन (जुन्या एका शेअरमागे दोन नवे, फुकट), २००५ मध्ये एकास एक, २०१० मध्ये तीनास दोन, २०१७ मध्ये एकास एक, २०१९ मध्ये तीनास एक, २०२४ मध्ये एकास एक. म्हणजे २००४ च्या बोनसआधी १०० शेअर असलेल्या माणसाचे आधी ३०० झाले, मग ६००, मग १,०००, मग २,०००, मग २,६६६ (उरलेल्या तुकड्याचे रोख पैसे) आणि शेवटी ५,३३२. याला त्या दिवसाचा भाव लावा, भावाची तारीख वाक्यातच लिहा, मिळालेला लाभांश वेगळा मोजा. २००४ च्या मागे जायचं असेल तर कंपनीचे जुने वार्षिक अहवाल काढा. ऐकीव गुणाकार पुढे ढकलू नका.

याच प्रकरणात एक चूक हमखास होते. लेखक ज्यांनी शेअर ठेवले त्यांनाच भेटतो. मुलीच्या लग्नाला, विहिरीला, दवाखान्याला ज्यांनी शेअर विकले त्यांची संख्या जास्त असणार, पण त्यांची कथा सांगायला कोणी उत्साहाने पुढे येत नाही. त्यांना शोधा. ठेवणाऱ्या प्रत्येक घरामागे विकणारं एक घर भेटल्याशिवाय ते प्रकरण पूर्ण झालं असं समजू नका. धंद्यावरची बहुतेक पुस्तकं इथेच फसतात. जिंकलेल्याच्या सवयी मोजून नियम काढले जातात, आणि त्याच सवयी असलेले हरलेले लोक मोजणीतच येत नाहीत. जळगावच्या चटई उद्योगावर, दालमिलवर किंवा सोन्याच्या पेढ्यांवर लिहाल तेव्हाही बंद पडलेल्या युनिटांची यादी चालू युनिटांच्या यादीइतक्याच मेहनतीने करा.

तंत्रज्ञान म्हणजे संगणक आणि मोबाइल, ही समजूतही आधी बाजूला ठेवा. साक्री आणि धुळे भागात पांझरेच्या काठी फड पद्धतीचं सिंचन काही शतकं चालत आलं. नदीवर बंधारा, त्यातून पाट, पाटाखालच्या जमिनीचे साधारण चार फड आणि एका फडात सगळ्यांचं एकच पीक. बारमाही ऊस कुठल्या फडात, भुसार कुठल्या, पडीक कोणता, हे ठरवून दरवर्षी फिरवायचं. पाटकरी पाणी सोडणार, जागल्या राखण करणार, दोघांचा मोबदला पिकातून. यात यंत्र नाही, तरी हे अस्सल तंत्रज्ञान आहे: पाण्याचं वाटप, दुरुस्तीचा खर्च आणि भांडणाचा निवाडा यांची बसलेली घडी. ठिबक याच्या बरोबर उलट दिशेने गेलं. १९६५ मध्ये इस्रायलच्या हत्झेरिम किबुत्झमध्ये, म्हणजे सामूहिक शेतीच्या वसाहतीत, नेटाफिम ही ठिबकची कंपनी उभी राहिली. आपल्याकडे ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात ठिबक पसरू लागलं. जळगावात भवरलाल जैन यांनी १९६३ मध्ये केरोसिनच्या व्यापारापासून सुरुवात करून पपेन (पपईच्या चिकातून काढलेलं द्रव्य), पीव्हीसी पाइप असा प्रवास करत या धंद्यात पाय रोवले. फडात पाणी गावाचं होतं, ठिबकमध्ये ते ज्याच्या बोअरचं त्याचं झालं. या एका बदलावर पुस्तकाचा चौथा हिस्सा लिहिता येईल. पाणी वाचलं का, की वाचलेल्या पाण्यावर केळीचं क्षेत्र वाढलं आणि बोअर आणखी खोल गेले? रावेर-यावलच्या पट्ट्यात दहा गावांत २०००, २०१० आणि आज बोअरची खोली किती होती एवढं विचारलंत तरी चित्र उभं राहील. बोअर मारणाऱ्यांच्या वह्यांत तारखेनुसार फूट लिहिलेले असतात. त्या वह्या सरकारी आकड्यांइतक्याच मोलाच्या आहेत.

आता आकडे. वार्ताहराला आकडा सांगणारा भेटला की बातमी होते. पुस्तकात आकडा गुणून बघावा लागतो. केळीचंच घ्या. लागवड पाच बाय पाच फुटांवर असेल तर एकराचे ४३,५६० चौरस फूट भागिले २५, म्हणजे १,७४२ खोडं. दीड बाय दीड मीटरवर हेक्टरी ४,४४४. कोणी त्याच अंतरावर ‘एकरी तीन हजार झाडं’ सांगत असेल तर तो एक तर अंतर चुकीचं सांगतो आहे किंवा एकर. पुढे जा. प्रत्येक झाडाला ताशी चार लिटरचे दोन ड्रिपर (थेंबाथेंबाने पाणी सोडणाऱ्या तोट्या), तर एकराला ताशी १३,९३६ लिटर पाणी. समजा उन्हाळ्यात दोन तास पाणी द्यायचं आहे, तर दिवसाला २७,८७२ लिटर. बोअर ताशी १०,००० लिटर देत असेल तर एका एकराला पावणेतीन तासांच्या वर लागतात, पाच एकरांना जवळजवळ चौदा तास. शेतीला वीज आठ तास. म्हणजे ‘पाच एकर ठिबकखाली’ हा आकडा अनुदानाच्या कागदावर खरा आणि वावरात अपुरा असू शकतो. हे गणित वाचकासमोर मांडलंत की त्याला ठिबक, वीज आणि भूजल तीन वेगळे विषय वाटणार नाहीत.

अनुदानाच्या टक्क्यांतही असाच घोळ होतो. केंद्राच्या सूक्ष्म सिंचन योजनेत अल्प आणि अत्यल्प भूधारकांना ५५ टक्के आणि इतरांना ४५ टक्के हे प्रमाण आहे, पण ते मंजूर मापदंडाच्या खर्चावर, दुकानदाराच्या बिलावर नाही. राज्याची पूरक रक्कम वेगळी. शेतकऱ्याच्या खिशातून प्रत्यक्ष किती गेलं हे बिल, मंजुरीपत्र आणि बँक पासबुक हे तीन कागद शेजारी ठेवल्याशिवाय कळत नाही.

विजेच्या बाबतीत मेगावॅट (क्षमता) आणि युनिट (प्रत्यक्ष तयार झालेली वीज) यांची गल्लत सर्वांत जास्त. साक्री तालुक्यात शिवाजीनगरला महानिर्मितीचा १२५ मेगावॅटचा सौर प्रकल्प २०१३ मध्ये सुरू झाला. भुसावळजवळ दीपनगरला औष्णिक केंद्रात २१० आणि ५०० मेगावॅटचे संच आहेत. १२५ आणि २१० हे आकडे शेजारी छापले की वाचकाला वाटतं, सौर प्रकल्प औष्णिक संचाच्या निम्म्याहून जास्त वीज देतो. सूर्य रात्री नसतो. सौर पॅनेलचा वर्षभराचा सरासरी वापर क्षमतेच्या पाचव्या हिश्श्याच्या आसपास धरला तर १२५ × ८,७६० तास × ०.२०, म्हणजे वर्षाला सुमारे २२ कोटी युनिट. २१० मेगावॅटचा संच ७० टक्के क्षमतेने चालला तर १२८ कोटींच्या पुढे जातो. म्हणून क्षमता लिहाल तिथे वर्षाची निर्मितीही लिहा.

जुन्या मापांचंही तसंच. जळगावच्या सराफ बाजाराबद्दल लिहिताना १९४५ चा तोळा ११.६६ ग्रॅमचा होता आणि आज व्यवहारात १० ग्रॅमला तोळा म्हणतात, हे विसरलात तर भावाची तुलना जवळपास १७ टक्क्यांनी चुकते. मण म्हणजे ३७.३२ किलो. वायव्य खानदेशातल्या कागदांत बिघा दिसेल. गावोगाव त्याचं माप बदलतं, त्यामुळे एकरात रूपांतर करण्याआधी तिथल्या तलाठ्याला विचारा.

कागद कुठून मिळवायचे? शेअर बाजारात नोंदलेल्या कंपन्यांचे वार्षिक अहवाल फुकट उपलब्ध असतात. त्यात संचालकांचं निवेदन शेवटी वाचा, आधी लेखापरीक्षकाचा शेरा, संबंधित व्यक्तींशी झालेले व्यवहार आणि आकस्मिक देणी वाचा. भागविक्रीचा मसुदा असेल तर जोखमींचं प्रकरण वाचा, कारण कायद्याच्या धाकाने कंपनी तिथे खरं बोलते. खासगी कंपन्यांची कागदपत्रं कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या पोर्टलवर कंपनीमागे १०० रुपये भरून बघता येतात: वार्षिक हिशेबाचा एओसी-४, वार्षिक विवरणाचा एमजीटी-७ आणि कर्जाच्या तारणाची नोंद. पण इथे एक अडचण आहे. आपल्या भागातल्या दालमिल, चटईची युनिटं, जिनिंग यांतल्या पुष्कळशा भागीदारी संस्था किंवा एकट्या मालकाच्या आहेत, त्यांचा कागद त्या पोर्टलवर नसतो. तिथे जीएसटी पोर्टलवरची नोंदणीची तारीख आणि ती चालू आहे की रद्द, प्रदूषण नियंत्रण मंडळाचं संमतीपत्र आणि त्यातली उत्पादनक्षमता, एमआयडीसीच्या भूखंडवाटपाची यादी, अशा तुकड्यांवरून चित्र जुळवावं लागतं.

माहितीच्या अधिकारात महाराष्ट्रात अर्ज एका विषयापुरता आणि १५० शब्दांत लिहायचा असतो, शुल्क १० रुपये. ‘प्रकल्पाची संपूर्ण माहिती द्यावी’ असं लिहिलंत तर उत्तर ‘माहिती विस्तृत आहे’ असं येतं. त्याऐवजी कागदाचं नाव मागा: अमुक वर्षाचं काम पूर्णत्वाचं प्रमाणपत्र, मोजमाप वहीची अमुक पानं, देखभाल करार. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील, त्यानंतर ९० दिवसांत दुसरं. दुसऱ्या अपिलाला वेळ लागतो, म्हणून लिखाण सुरू करायच्या आधीच सगळे अर्ज टाकून मोकळे व्हा.

मागचा संदर्भ हवा तेव्हा १८८० चं खानदेश गॅझेटिअर उघडा. त्यात पिकं, बाजार, पाट, विणकाम यांची तपशीलवार नोंद आहे. १९०६ मध्ये पूर्व आणि पश्चिम खानदेश वेगळे झाले, १ जुलै १९९८ ला धुळ्यातून नंदुरबार निघालं. जिल्ह्याचा आकडा काळाच्या दोन टोकांना ताडून बघताना हद्द बदलली आहे हे ध्यानात असू द्या. धुळ्याचं राजवाडे संशोधन मंडळही एकदा गाठा.

आता सगळ्यांत अवघड भाग, भविष्य. शिळं होण्याची भीती रास्त आहे, पण पुस्तक भाकीत चुकल्यामुळे शिळं होत नाही. भाकीत कशाच्या जोरावर केलं हे वाचकाला दिसत नाही म्हणून होतं. गॉर्डन मूर यांनी १९६५ मध्ये चिपवरच्या घटकांची संख्या दरवर्षी दुप्पट होईल असं मांडलं, १९७५ मध्ये स्वतःच ते दोन वर्षांवर आणलं. ते आजही वाचलं जातं, कारण त्यांनी आधार दाखवला आणि चूक दुरुस्त केली. उलट, आयबीएमचे थॉमस वॉटसन ‘जगात पाचच संगणक खपतील’ असं म्हणाले होते, हे वाक्य शेकडो पुस्तकांत आहे आणि ते तसं म्हणाल्याचा पुरावा नाही. भविष्यावरच्या प्रकरणात असली वाक्यं सुरुवातीला टाकायचा मोह होतो. टाळा.

काम असं करा. भविष्याबद्दलचं तुमचं प्रत्येक विधान तीनपैकी एका खान्यात घाला. पहिला खाना, काम सुरू झालेलं: मंजुरी आहे, पैसा ठेवला आहे, जमीन ताब्यात आहे. दुसरा, कल: पाच वर्षं तरी एका दिशेने चाललेला मोजलेला आकडा. तिसरा, अंदाज. वाचकाला कुठला खाना आहे ते वाक्यातूनच कळलं पाहिजे. धुळ्यावरून जाणाऱ्या मनमाड-इंदूर रेल्वेमार्गाचं बघा. कित्येक दशकं तो तिसऱ्या खान्यात होता आणि दर निवडणुकीत पहिल्या खान्यातला म्हणून छापला जात होता. २ सप्टेंबर २०२४ ला केंद्रीय मंत्रिमंडळाने ३०९ किलोमीटरच्या मार्गाला मंजुरी दिली तेव्हा तो पहिल्या खान्याच्या उंबऱ्यावर आला. उंबऱ्यावर म्हणायचं कारण, भूसंपादनाचे निवाडे किती गावांचे झाले हा पुढचा आकडा आहे, आणि तुमच्या प्रकरणात तोच असला पाहिजे.

अंदाज लिहिताना त्याच्या पोटात अट लिहा: काय घडलं तर हे होईल, काय घडलं तर होणार नाही. २०१६-१७ मध्ये नोटाबंदीनंतर दुकानादुकानांत कार्ड घासायची यंत्रं येतील असं पुष्कळांनी लिहिलं. आले कागदावर छापलेले क्यूआर. यंत्राला भाडं, कागदाचा रोल, लाइन आणि कापला जाणारा टक्का होता. छापील चौकोनाला यातलं काहीच नव्हतं. २०१६ च्याच एप्रिलमध्ये यूपीआय आणि सप्टेंबरमध्ये स्वस्त डेटा आला होता. ज्या लेखकाने दुकानदाराच्या खर्चाचा हिशेब मांडला असता त्याला यंत्राबद्दल शंका घेता आली असती. नवीन काहीही असो, फवारणीचा ड्रोन, केळीच्या पानावरचा करपा ओळखणारं ॲप, सौरपंप, आधी चार प्रश्न विचारा: विकत कोण घेतो, रोज कोण चालवतो, बिघडल्यावर किती दिवसांत आणि कुठून दुरुस्त होतो, आणि जुन्या पद्धतीत ज्याचं पोट होतं तो कुठे जातो. ड्रोनच्या बाबतीत बॅटरी किती मिनिटं टिकते, दिवसाला किती एकर होतात, दुसरा संच किती रुपयांचा आणि तालुक्यात ती दुरुस्त करणारा आहे का, एवढ्यावर त्याचं भवितव्य ठरतं. ठिबकचंही तसंच झालं. क्षारयुक्त पाण्याने ड्रिपर बुजतात, वेळेवर आम्ल प्रक्रिया झाली नाही आणि फिल्टर धुतला नाही तर दोन हंगामांत टोकाच्या झाडांना पाणी पोहोचत नाही, उंदीर आणि खारी नळ्या कुरतडतात. दुरुस्तीवर एक स्वतंत्र प्रकरण लिहा. अशा पुस्तकांत ते सहसा नसतं, आणि वापरणाऱ्या माणसाला सर्वांत आधी तेच हवं असतं.

मसुदा झाला की फाइलमध्ये ‘सध्या’, ‘नुकतंच’, ‘आज’, ‘गेल्या वर्षी’, ‘येत्या काळात’ हे शब्द शोधा आणि प्रत्येक ठिकाणी साल घाला. एका दिवसाचं काम आहे, पुस्तकाचं आयुष्य दुप्पट होतं. वेगाने बदलणारे दर आणि अनुदानाचे आकडे शेवटच्या एकाच परिशिष्टात ठेवा, म्हणजे दुसऱ्या आवृत्तीत तेवढीच पानं बदलतील.

मुलाखतींची भाषा जपा. माणूस अहिराणीत ‘वावरमा पानी नही’ म्हणाला असेल तर ते तसंच ठेवा, अर्थ पुढच्या वाक्यात आपोआप येऊ द्या. रावेर-यावलकडची लेवा बोली, सातपुड्यातली पावरी आणि भिली, सगळ्यांना एकाच ‘गावरान’ मराठीत ओतू नका. ध्वनिमुद्रणावरून मजकूर करून देणारी सॉफ्टवेअर प्रमाण मराठीला बरी चालतात. अहिराणीत ती ‘नही’चं काहीही करतात, आणि नकार गेला की विधान उलटं होतं. प्रत्येक अवतरण आवाजाशी ताडून बघा. अशा साधनांनी पुरवलेले संदर्भ आणि आकडे मूळ कागद हातात आल्याशिवाय वापरू नका, ती नसलेले अहवालही आत्मविश्वासाने सांगतात. पारिभाषिक शब्दांत कारागिराचा शब्द घ्या: लॅटरल (ठिबकची बारीक नळी), व्हेंचुरी (पाण्यातून खत सोडायचं साधन), कांदेबाग आणि मृगबाग (केळी लागवडीचे दोन हंगाम), घड, पील (खोडाशेजारचा कोंब). कोशातला प्रतिशब्द कोणी वापरत नसेल तर तो पुस्तकातही नको.

हक्कांबद्दल. तुम्ही पगारी नोकरीत लिहिलं असेल तर १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ (अ) प्रमाणे, वेगळा करार नसेल तर, वृत्तपत्र-नियतकालिकात छापण्यापुरता पहिला हक्क मालकाचा आणि बाकी सर्व बाबतींत तो लेखकाचा. पुस्तक हे ‘बाकी’त येतं. पण नेमणूकपत्र नीट वाचा, त्यात सर्व हक्क दिल्याचं कलम असू शकतं. मानधनावर लिहिलं असेल आणि लेखी हक्क दिले नसतील तर ते तुमचेच. छायाचित्रांचं तसं नाही, ती काढणाऱ्याची किंवा त्याच्या मालकाची. लेखी परवानगी घ्या. प्रकाशकाशी करार करताना मुदत आणि प्रदेश दोन्ही लिहा. मुदत लिहिली नसेल तर कायद्याने पाच वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिला नसेल तर भारत. ई-पुस्तक, श्राव्य पुस्तक आणि भाषांतर यांचे हक्क वेगळ्या कलमांत ठेवा. मानधन छापील किमतीवर की दुकानाची सूट वजा करून, हे स्पष्ट नसेल तर हातात येणारी रक्कम जवळजवळ निम्मी होऊ शकते.

ज्याच्यावर टीका आहे त्याला छपाईआधी लेखी प्रश्न पाठवा, सात ते दहा दिवस द्या, उत्तर आलं तर छापा, नाही आलं तर पाठवल्याची तारीख छापा. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ खाली बदनामीचा खटला झाला तर ‘खरं आहे’ एवढं म्हणणं पुरत नाही, ते सार्वजनिक हिताचं आहे हेही दाखवावं लागतं. कागद आणि ध्वनिमुद्रणं दोन ठिकाणी जपून ठेवा.

छपाईचं थोडक्यात. डेमी आकारात पानाला तीनशेच्या आत-बाहेर शब्द बसतात. साठ हजार शब्दांचं पुस्तक तक्ते-नकाशांसह २०८ ते २२४ पानांत मावतं. १६ पानांच्या फर्म्यात ते १३ किंवा १४ फर्मे. पानसंख्या १६ ने भागली जाईल अशी आधीच बांधा, नाहीतर कोऱ्या पानांचे पैसे भरावे लागतात. जुनी कात्रणं श्रीलिपीसारख्या फाँटात असतील तर युनिकोडमध्ये आणताना रफार आणि अर्धा ऱ हमखास बिघडतात. ‘दऱ्या’चं ‘दर्या’ आणि ‘आचाऱ्या’चं ‘आचार्या’ होतं, आणि शुद्धलेखन तपासणारं साधन दोन्हींना बरोबर म्हणतं. असे शब्द डोळ्यांनीच बघावे लागतात. आयएसबीएन राजा राममोहन रॉय संस्थेकडून विनामूल्य मिळतो. १९५४ च्या कायद्याप्रमाणे प्रकाशनानंतर ३० दिवसांत एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि ठरलेल्या आणखी तीन ग्रंथालयांना पाठवायची असते. प्रकाशक ते करतो ना, विचारून घ्या.

लिहायला सुरुवात पहिल्या प्रकरणापासून करू नका. फड ते ठिबक हे प्रकरण आधी घ्या, कारण त्याची माणसं म्हातारी आहेत. पाटकऱ्याचं काम केलेले, पाण्याच्या पाळीची भांडणं मिटवलेले लोक पांझरेकाठी अजून भेटतात. पावसाळ्याआधी त्यांच्याबरोबर बंधाऱ्यापासून शेवटच्या फडापर्यंत एकदा पाटाच्या कडेने चाला, वहीत नकाशा काढा आणि प्रत्येक वळणाला ते काय म्हणतात ते त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या. रेशन दुकान आणि मंत्रालयाचं पोर्टल पुढच्या वर्षीही तिथेच असेल.